फक्त सोसायटीच्या कामासाठी

मंगळवार, रात्री ९:४०

नीलिमा जोशी (बी-४०२): कुणी ऑनलाइन आहे का? पासपोर्टच्या केंद्रावर अपॉइंटमेंट न घेता थेट गेलं तर आत घेतात का? नक्की माहीत असेल तरच सांगा प्लीज. दुपारपासून नुसते अंदाज ऐकतेय.

मंगेश परब (बी-२०१): वैनी काय झालां? तन्वी बरी मां?

नीलिमा जोशी (बी-४०२): तिला डॉक्टरांनी पूर्ण बेडरेस्ट सांगितलीय. दुबईत दोघंच आहेत, जावईबापूंना सुट्टी नाही. तिच्या सासूबाईंचं गुडघ्याचं ऑपरेशन झालंय. म्हणजे मीच. आणि माझा पासपोर्ट २०२१ मध्ये संपलेला. साइटवर साध्याला थेट पुढच्या महिन्याची तारीख, तत्काळलाही लगेचची नाही.

देशपांडे काका (ए-१०१): नमस्कार. सीनियर सिटिझनला अपॉइंटमेंट लागत नाही. आधार कार्ड घेऊन थेट जावे. 🙏

अमोल गायकवाड (ए-३०२): काकू थेट बीकेसीला जा. विदेश भवन. मोठे साहेब तिथेच बसतात. रडून सांगा, काम होतं.

प्रिया कुलकर्णी (ए-५०३): अमोल, उगाच बीकेसीला पाठवू नकोस रे. ते रीजनल ऑफिस. अडकलेल्या फायलींची चौकशी तिथे, आणि त्या चौकशीलाही ऑनलाइन वेळ घ्यावी लागते. नवीन अर्ज पासपोर्ट सेवा केंद्रातच द्यायचा. आपल्याकडे मालाड, अंधेरी, लोअर परळ, शिवाय ठाणे.

अमोल गायकवाड (ए-३०२): ओके मॅडम. मी आपलं मदत म्हणून.

देशपांडे काका (ए-१०१): आमच्या वेळी ऑफिस वरळीला होते. मनीष कमर्शियल सेंटर, अ‍ॅनी बेझंट रोड. तेव्हा ऑनलाइन वगैरे थेरं नव्हती. माणूस माणसाशी बोलायचा.

मंगेश परब (बी-२०१): काका, माणूस माणसाशी नाय, एजंट माणसाशी बोलायचो 😂

नीलिमा जोशी (बी-४०२): प्रिया, तू बाळाचा काढलास ना आत्ताच? तू अपॉइंटमेंट घेतलीस का?

प्रिया कुलकर्णी (ए-५०३): नाही घेतली काकू. ४ वर्षांच्या आतलं मूल (तत्काळ नसेल तर), ज्येष्ठ नागरिक, दिव्यांग यांना वॉक-इन चालतं. पण वॉक-इन म्हणजे हात हलवत जायचं नाही. फॉर्म आधी ऑनलाइन भरायचा, सबमिट केला की एआरएन, म्हणजे अर्जाचा नंबर येतो, तो हवाच. त्याशिवाय गेटवरूनच परत. बाळाचा मात्र फोटो घरून न्यावा लागला, पांढऱ्या बॅकग्राउंडचा. मोठ्यांचा तिथेच काढतात.

देशपांडे काका (ए-१०१): तेच म्हणतो आहे. सीनियर सिटिझनला अपॉइंटमेंट लागत नाही. थेट जावे. 🙏

नीलिमा जोशी (बी-४०२): काका, मी सीनियर सिटिझन नाही.

देशपांडे काका (ए-१०१): ६० पूर्ण असल्यास चालते.

नीलिमा जोशी (बी-४०२): नाहीत पूर्ण.

मंगेश परब (बी-२०१): वैनी वय किती ता सांगून टाका, पुढचो निर्णय कमिटी घेईल 🤣

नीलिमा जोशी (बी-४०२): मंगेश भाऊजी, सगळ्याची थट्टा नको.

सावंत (सेक्रेटरी): सर्व सभासदांस विनंती. हा ग्रुप फक्त सोसायटीच्या कामासाठी आहे. वैयक्तिक चौकशी वैयक्तिक करावी.

रेखा शिंदे (बी-४०१): काल रात्री ११ वाजता लिंबू सरबताचे १४ फायदे आले होते. ते सोसायटीचं काम होतं का?

सावंत (सेक्रेटरी): ते मी टाकलेले नाहीत.

देशपांडे काका (ए-१०१): ते मी टाकले होते. उपयुक्त असल्याने.

केतनभाई (ए-२०३): अमोल, तुज्या ओळखीचा एजंट हाय ने? नंबर टाक. दोन हजार जास्त गेले तर गेले, टेन्शन नको.

अमोल गायकवाड (ए-३०२): हो भाई. त्याची वेबसाइटपण आहे, लिंक टाकतो.

प्रिया कुलकर्णी (ए-५०३): कुणीही त्या लिंकवर पैसे भरू नका! सरकारी साइट एकच, पासपोर्टइंडिया डॉट गव्ह डॉट इन, किंवा एमपासपोर्ट सेवा अ‍ॅप. नकली साइट्सबद्दल परराष्ट्र खात्यानेच सावध केलंय. ३६ पानी पासपोर्टची फी साधी १५०० रुपये, तत्काळ ३५००. एजंट वेगळं काय करणार? तोही तोच फॉर्म भरणार आणि तीच तारीख घेणार.

अमोल गायकवाड (ए-३०२): हा मेसेज डिलीट केला आहे

केतनभाई (ए-२०३): हे बरोबर बोलली. मी शिकलेला नाय एवढा म्हणून विचारला.

देशपांडे काका (ए-१०१): ज्येष्ठांना फीमध्ये १० टक्के सवलतही आहे.

प्रिया कुलकर्णी (ए-५०३): काका ती पहिल्यांदा पासपोर्ट काढणाऱ्यांना, ६० च्या वर आणि ८ च्या आत. काकूंचा रीइश्यू आहे, त्याला नाही. आणि काकू, तुमचा संपून ३ वर्षं उलटलीत, तेव्हा फॉर्ममध्ये मुदत ‘३ वर्षांपूर्वी’ संपल्याचा पर्याय निवडा. दुसरा निवडलात तर काउंटरवर गोंधळ.

नीलिमा जोशी (बी-४०२): बरं झालं सांगितलंस. मी दुसराच निवडणार होते.

सुधीर जोशी (बी-४०२): नमस्कार. नीलिमा ५७ ची आहे. मी ६३. मला वॉक-इन मिळेल तर माझ्याबरोबर तिला घेतील का?

सुधीर जोशी (बी-४०२): हा मेसेज डिलीट केला आहे

मंगेश परब (बी-२०१): दादा, उशीर झालो. सगळ्यांनी वाचलां.

नीलिमा जोशी (बी-४०२): 🙏

रेखा शिंदे (बी-४०१): ५७? मला वाटलं माझ्यापेक्षा लहान.

प्रिया कुलकर्णी (ए-५०३): काका, तुमच्या वयावर त्यांना घेणार नाहीत, ज्याचं त्याचं वेगळं. पण मेडिकल किंवा मृत्यूसारखी इमर्जन्सी असेल तर अपॉइंटमेंटशिवाय जाता येतं. घ्यायचं की नाही ते केंद्राच्या प्रमुख अधिकाऱ्याच्या हातात, हक्क म्हणून भांडता येत नाही. तन्वीच्या डॉक्टरांचं पत्र मागवून घ्या, बेडरेस्ट आणि डिलिव्हरीची तारीख लिहिलेलं. तुमचं आईचं नाव जुळेल असा तन्वीच्या पासपोर्टचा झेरॉक्स. एआरएन. जुना पासपोर्ट ओरिजिनल. आणि तारीख मिळतेय ती घेऊन ठेवाच, नाही घेतलं आत तर निदान ती राहील. बदलता तीनदा येते, वर्षाच्या आत. रोज उघडून बघा, कुणी रद्द केली की मधली तारीख दिसते.

देशपांडे काका (ए-१०१): सीनियर सिटिझनला अपॉइंटमेंट लागत नाही. थेट जावे. (पुन्हा टाकत आहे, कारण वरती गेले.)

मंगेश परब (बी-२०१): काका, ह्यो मेसेज लॉबीत लॅमिनेट करून लावूया.

रेखा शिंदे (बी-४०१): लॉबीत आधी नावांचा बोर्ड लावा. पझेशन मिळून किती महिने झाले? अजून बिल्डरने लावलेला कागद. त्यात बी-४०१ च्या पुढे कुणाचंच नाव नाही.

सावंत (सेक्रेटरी): बोर्डचे कोटेशन आलेले आहे. एजीएममध्ये ठेवू.

रेखा शिंदे (बी-४०१): बोर्ड नव्हता म्हणून आमच्या नितीनच्या व्हेरिफिकेशनला आलेले पोलीस खालूनच परत गेले. वॉचमन म्हणाला इथे शिंदे कुणी राहत नाहीत. नवीन होता. रिपोर्ट गेला ‘अर्जदार आढळला नाही’. दुसऱ्यांदा आले तेव्हा शेजारचे दोन साक्षीदार मागितले. समोरच्या दाराची बेल वाजवली. टीव्हीचा आवाज बाहेर येत होता. दार काही उघडलं नाही. असो.

नीलिमा जोशी (बी-४०२): रेखा, मी तेव्हा आंघोळीला गेले होते गं. हे मी तेव्हाही सांगितलं होतं.

रेखा शिंदे (बी-४०१): मी कुणाचं नाव घेतलेलं नाही.

केतनभाई (ए-२०३): पोलीसला चायपाणी किती द्यायचा असते?

प्रिया कुलकर्णी (ए-५०३): पडताळणीला काहीही फी नसते भाई.

मंगेश परब (बी-२०१): फी नसता. चाय असता.

सावंत (सेक्रेटरी): परब, असे ग्रुपवर लिहू नये. स्क्रीनशॉट बाहेर जातात.

नीलिमा जोशी (बी-४०२): सावंत साहेब, पत्त्याचं काय करू? आधारवर अजून ट्रान्झिटचा पत्ता आहे, आपली बिल्डिंग नवीन बांधत होते तेव्हाच्या घराचा. लाइटबिल ह्यांच्या नावावर. सोसायटीचं पत्र मिळेल का उद्या सकाळी?

सावंत (सेक्रेटरी): पत्रासाठी लेखी अर्ज द्यावा. मेंटेनन्सची थकबाकी नसल्याचे ट्रेझरर पाहतील. नंतर मीटिंगमध्ये ठेवून देता येईल.

प्रिया कुलकर्णी (ए-५०३): सावंत काका रागावू नका, पण सोसायटीचं पत्र त्यांच्या यादीतच नाही. आधार, वोटर आयडी, पाणी-लाइट-गॅसचं बिल, पोस्टपेड मोबाइलचं बिल, रजिस्टर्ड भाडेकरार, फोटो असलेलं चालू खात्याचं पासबुक वगैरे चालतं. नवऱ्याच्या पासपोर्टवर तुमचं नाव असेल तर तोही, पण पत्ता तोच हवा.

सुधीर जोशी (बी-४०२): माझ्या पासपोर्टवर जुन्या बिल्डिंगचा पत्ता आहे. प्लॉट तोच, पण नाव आणि फ्लॅट नंबर बदलला.

प्रिया कुलकर्णी (ए-५०३): मग तो नाही चालणार काका. उलट तुम्हालाही बदलून घ्यावा लागेल, पत्ता बदलला की रीइश्यू.

सावंत (सेक्रेटरी): सोसायटीच्या लेटरहेडला किंमत नाही हे ऐकून वाईट वाटले. मी ३ वर्षे विनामोबदला काम करतो आहे.

मंगेश परब (बी-२०१): साहेब, दिल्लीक कळवूया. यादीत घालतील.

नीलिमा जोशी (बी-४०२): पासबुकवर फोटो आहे, आणि पत्ता नवीन घातलाय मी, लोनच्या वेळी!

प्रिया कुलकर्णी (ए-५०३): झालं मग. ओरिजिनल न्या. सगळं ओरिजिनलच न्या, लॅमिनेटेड झेरॉक्स दाखवत बसू नका.

देशपांडे काका (ए-१०१): सीनियर सिटिझनला

देशपांडे काका (ए-१०१): क्षमस्व, चुकून गेले. नात फोन घेऊन बसली आहे.

केतनभाई (ए-२०३): ब विंगच्या कोणी माज्या गाडीच्या मागे अ‍ॅक्टिवा लावली हाय? ७७ नंबर. मला सकाळी ५ ला एअरपोर्ट जायचा हाय. माजा पासपोर्ट हाय पण गाडी नाय निघत.

अमोल गायकवाड (ए-३०२): भाई ती माझी. येतो.

रेखा शिंदे (बी-४०१): पार्किंगचं पण एजीएमलाच ठेवा.

बुधवार, संध्याकाळी ६:१५

नीलिमा जोशी (बी-४०२): झालं बाई एकदाचं. सगळे विचारताय म्हणून इथेच लिहिते. केंद्राचं नाव लिहीत नाही, उगाच सगळे तिथेच धावतील. गेटवर पहिलाच प्रश्न, आजची अपॉइंटमेंट? नाही म्हटल्यावर बाजूला उभं केलं. ह्यांनी आवाज चढवायला सुरुवात केली, मी त्यांना घरी पाठवलं. एआरएन आणि डॉक्टरांचं पत्र आत गेलं. बराच वेळ कुणी विचारेना. मग अधिकारी बाई स्वतः बाहेर आल्या, दोनच प्रश्न विचारले. मुलीजवळ दुसरं कुणी आहे का, आणि आधी अपॉइंटमेंट का नाही घेतलीत. म्हटलं घेतलीय, पण बाळ त्या तारखेची वाट बघणार नाही. त्या हसल्या नाहीत, पण टोकन दिलं.

मंगेश परब (बी-२०१): वैनी 👏👏

नीलिमा जोशी (बी-४०२): मग ए काउंटर, फोटो, बोटांचे ठसे. फोटोत मी ५७ ची नाही, ७५ ची दिसतेय. बी ला कागद तपासले. पासबुक अगदी उलटसुलट करून बघितलं. सी ला साहेबांनी जुना पासपोर्ट रद्दचा शिक्का मारून परत दिला. तत्काळमध्ये आहे, पासपोर्ट आधी निघेल, पोलीस तपास मागाहून. आणि एक, माझ्या शेजारी एक मुलगा होता, लग्नाला जायचंय म्हणून असाच थेट आलेला. त्याला सरळ परत पाठवलं. तेव्हा कुणी माझं ऐकून उगाच जाऊ नका.

देशपांडे काका (ए-१०१): अभिनंदन. एआरएनची गरज असते हे माझ्या मेसेजमध्ये गृहीत धरले होते.

प्रिया कुलकर्णी (ए-५०३): काकू मस्त! आता स्पीड पोस्टने येईल. ज्याच्या नावाचा त्याच्याच हातात देतात, वॉचमनकडे ठेवत नाहीत. घरी थांबा किंवा खाली सांगून ठेवा.

सुधीर जोशी (बी-४०२): मी आवाज चढवला नव्हता. मी नियम विचारत होतो.

नीलिमा जोशी (बी-४०२): सावंत साहेब, वॉचमनला प्लीज सांगून ठेवा. पोस्टमन आणि पोलीस दोघंही येतील. जोशी बी-४०२, इथेच राहतात, चौथ्या मजल्यावर.

सावंत (सेक्रेटरी): एजन्सीला कळवले आहे. रात्रपाळीचा नवीन आहे, त्यालाही सांगतो.

रेखा शिंदे (बी-४०१): पोलीस आले तर मी ११ नंतर घरी असते. बेल वाजवायला सांगा. साक्षीला सही मी करीन. आमचं दार उघडतं.

नीलिमा जोशी (बी-४०२): थँक्यू रेखा.

केतनभाई (ए-२०३): दुसरी सही माजी लिहा. पण मी शुक्रवारी परत येनार.

रेखा शिंदे (बी-४०१): आणि सावंत साहेब, बोर्डचं कोटेशन कितीचं आहे ते आजच इथे टाका. एजीएमपर्यंत थांबायचं नाही.

सावंत (सेक्रेटरी): अ‍ॅक्रिलिकचे वेगळे, पितळेचे वेगळे. दोन्ही फोटो टाकतो.

मंगेश परब (बी-२०१): पितळेचो नको. चोरतत.