कोरडं उधाण आलं की पार्टी गच्चीवर जाऊन बसते, भीती कशी आणू?

फासेवाला_परळ:
मंडळी, आमचा टेबलटॉप रोलप्लेचा ग्रुप आहे, म्हणजे टेबलाभोवती बसून प्रत्येकाने एक पात्र घ्यायचं आणि फासे टाकत गोष्ट खेळायची, या पात्रांची टोळी म्हणजे पार्टी. शनिवारी संध्याकाळी परळला एकाच्या घरी जमतो, गोष्ट चालवणारा गेम मास्टर मीच. जग माझं स्वतःचं बनवलेलं. सातखाडी नावाचं बंदराचं शहर, आकाशात दोन चंद्र, एक मोठा एक छोटा, आणि या शहराला एक जुनं दुखणं आहे, त्याला लोक कोरडं उधाण म्हणतात. म्हणजे पाणी नसलेली भरती. रात्री समुद्राकडून काहीतरी चढत येतं, दिसत नाही, ओलं करत नाही, पण त्याच्या पातळीखाली दिवा जळत नाही आणि आवाज पोचत नाही, बाजूला उभा माणूस बोंबलला तरी ऐकू येत नाही. त्यात जो बुडाला तो मरत नाही. सकाळी चालत घरी येतो, जेवतो, कामाला जातो, सगळं नॉर्मल, फक्त त्याची सावली पडत नाही. आणि पुढचं उधाण आलं की उठतो आणि ओसरत्या भरतीबरोबर समुद्रात निघून जातो.

कागदावर एकदम कडक वाटलेलं. खेळताना काय होतं, उधाणाच्या इशाऱ्याची घंटा वाजली की सगळी पार्टी गच्चीवर. मागच्या वेळी एकाने तर वर बसून भजी तळायला घेतली, गेममध्ये! मला कोणाला फुकट मारायचं नाहीये, फासा पडला आणि मेलास हे चीटिंग वाटतं. पण धोका वाटला तर पाहिजे ना. काय करू?

मीटर_डाऊन:
गच्चीची चावी सोसायटीच्या सेक्रेटरीकडे दे. विषय संपला.

खाडीकाठची:
माझं माहेर वर्सोव्याचं, त्यामुळे भरती म्हटलं की राहवत नाही, सॉरी लांब होईल.

तू घंटा वाजवतोस तिथेच भीती जाते रे. घंटा काढून टाक आणि त्यांना हिशेब दे. आमच्याकडे अजून जुनी माणसं तिथीला पाऊणने गुणतात, म्हणजे चतुर्थी असेल तर चार पाऊण तीन, तीनच्या आसपास पूर्ण भरती, अष्टमीला सहा, आणि मग साधारण साडेबारा तासांनी दुसरी. रोज पाऊण-एक तास पुढे सरकते. अर्धा तास इकडे तिकडे होतो पण होडी काढायला तेवढं पुरतं. आणि सगळ्यात मोठं उधाण अमावास्या-पौर्णिमेला नसतं, एक-दोन दिवसांनी असतं, अष्टमी-नवमीच्या सुमारास भांग असतो तेव्हा पाणी फार चढत नाही. नवीन माणूस फसतो तो इथेच, पौर्णिमा गेली म्हणून निर्धास्त होतो.

हाच नियम तुझ्या मोठ्या चंद्राला लाव आणि पार्टीला आधीच शिकवून टाक, एखादी म्हातारी कोळीण शिकवेल. काही सेशन तो बरोबर येऊ दे. मग छोटा चंद्र मोठ्याच्या रांगेत आला की गणित चुकणार, वेळही आणि उंचीही. पण चीटिंग नाही, कारण छोटा चंद्र डोक्यावर दिसत होताच, कोणी मोजला नाही एवढंच.

फासेवाला_परळ:
ताई हे भारी आहे!! पाऊणपटचं माहीतच नव्हतं, इतकी वर्षं मुंबईत राहून.

मीटर_डाऊन:
आता सिरियसली. तुझं उधाण फक्त समुद्राकडून येतं, ते बदल. आपल्याकडे काय होतं बघ, पावसाचं पाणी समुद्रात सोडणाऱ्या बऱ्याच नाल्यांची तोंडं भरतीच्या पातळीखाली आहेत, म्हणजे भरती असताना पाणी बाहेर जात नाही, गेट बंद केली नाहीत तर समुद्रच आत येतो. म्हणून ते पंपिंग स्टेशन, हाजी अली, इर्ला वगैरे. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिमी पाऊस झाला आणि त्यात भरती, मिठी नदीचं पाणी जाणार कुठे. किनाऱ्यापासून लांब राहणारी माणसं छातीभर पाण्यात होती.

तर कोरडं उधाण गटारातून, विहिरीतून, घराच्या तळघरातून वर येऊ दे. पार्टी समुद्राकडे तोंड करून बसलेली आणि मागच्या जिन्यातला दिवा विझला.

दुसरं म्हणजे गच्ची फुकट कशी काय मिळते सगळ्यांना? वरच्या मजल्याचं भाडं चौपट ठेव. खालच्या खोल्यांत हमाल राहणार, त्यांना रात्रपाळी चुकवता येत नाही. साडेचार मीटरच्या वरच्या भरत्यांची यादी महापालिका पावसाळ्याआधीच देते, पेपरात येते, तरी आपण ऑफिसला जातोच की नाही. पार्टीला पण कायतरी काम दे खाली, जे त्याच रात्री करावं लागेल.

माजघर:
मला यातलं अर्धं पटत नाही. सगळं मोजता आलं तर ते खातं झालं, भूत नाही राहिलं. कोकणात चकवा लागतो म्हणतात, ओळखीच्या वाटेवर माणूस रात्रभर फिरत राहतो, गिऱ्हा पाण्याशी ओढतो, यांना कोणी वेळापत्रक लावलंय का? तुम्ही लोक इंजिनिअरिंगच करत बसलात.

आणि खरी भयानक गोष्ट तर पोस्टमध्येच आहे, तिच्याकडे कोणी बघतच नाहीये. सावली नसलेला माणूस घरी येऊन जेवतोय! त्याच्या आईला दिसतंय की सावली नाही. ती शेजाऱ्यांना सांगेल? दिवा त्याच्यापासून लांब ठेवेल, दुपारी बाहेर पाठवणार नाही, आणि पुढच्या उधाणाला त्याला खांबाला बांधेल, मग दोर सोडायला कोण येणार माहितीये? तोच गोड बोलून सांगणार, आई हात दुखतोय गं. पार्टीला अशा घरात उतरव. गच्चीवर जायचं तर त्याला घेऊन जायचं की नाही हे त्यांनी ठरवायचं.

खाडीकाठची:
माजघर, हे वाचून काटा आला. पण वेळ माहीत असेल तरच ती आई दोर आधी आणून ठेवेल ना? मग हिशेब हवाच.

माजघर:
बरं, एवढं मान्य. छोट्या चंद्राचं मात्र त्या आईला कळता कामा नये.

फासेवाला_परळ:
ठरलं, घंटा बंद. पार्टीतला जो धनुर्धारी आहे ना, भजीवाला, त्याचाच धाकटा भाऊ सावलीशिवाय घरी येणार. फक्त एक अडलंय, छोटा चंद्र कधी रांगेत येईल ते मी ठरवलं तर पोरं म्हणणार तू मुद्दाम केलंस.

मीटर_डाऊन:
मग त्यांनाच टाकू दे. प्रत्येक उधाणाआधी सहा बाजूंचे दोन फासे, सगळ्यांसमोर, बेरीज दोन किंवा बारा आली तर रांग लागली. छत्तीसात दोन वेळा, म्हणजे बरेच दिवस काही होणार नाही. फासा भजीवाल्याच्या हातात दे.