मदत हवी आहे : चित्रपटाचं पार्श्वसंगीत आणि एका ओळीचा करार

नमस्कार मंडळी,

पुण्यातल्याच एका मित्राच्या मराठी चित्रपटाला पार्श्वसंगीत देतोय. दीड तासाचा चित्रपट. निर्माते म्हणजे दिग्दर्शकाचे काका, सगळा पदरमोडीचा कारभार, त्यामुळे मानधनाचं विचारू नका. संबळ आणि सुंदरी (सनईसारखं छोटं वाद्य) वाजवणारे मिळालेत, कामाला मजा येतेय.

अडचणी दोन. एडिट करताना दिग्दर्शकाने एका परदेशी चित्रपटाचं संगीत तात्पुरतं लावून ठेवलं होतं. आता त्याचे कान त्यालाच चिकटलेत. 'तसंच, पण वेगळं' म्हणजे नेमकं काय द्यायचं?

दुसरी जास्त गंभीर. करारात एकच ओळ आहे : 'संगीताचे सर्व हक्क कायमस्वरूपी निर्मात्याकडे.' सही करू का? मित्राशी वाकडं नकोय, पण सगळंच सोडूनही द्यायचं नाहीये.

प्रतिसाद १

एवढ्या ओळीवर सही नको. कॉपीराइट कायद्यात २०१२ साली दुरुस्ती झाली. सिनेमागृहात चित्रपटासोबत वाजतं ते वगळून बाकी कुठेही, म्हणजे ओटीटी, टीव्ही, अल्बम, तुमचं संगीत वापरलं गेलं तर रॉयल्टीत संगीतकाराचा समान वाटा असतो. तो वारस किंवा कॉपीराइट सोसायटी (रॉयल्टी गोळा करून वाटणारी संस्था) सोडून कोणाला लिहून देता येत नाही. दिलात तरी ते कलम रद्दबातल.

'कायमस्वरूपी'वरून भांडू नका. मुदत लिहिलीच नाही तर कायदा पाच वर्षं धरतो, प्रदेश लिहिला नाही तर फक्त भारत. निर्माता दोन्ही लिहून घेणारच, आणि परदेशी महोत्सवांसाठी त्याला ते लागतंही. भांडायचं ते व्याप्तीवर. 'हा चित्रपट आणि त्याची प्रसिद्धी' एवढ्यापुरतेच हक्क द्या. नाहीतर तुमची धून उद्या कुठल्याशा मसाल्याच्या जाहिरातीत ऐकू येईल आणि काका म्हणतील, सर्व हक्क म्हणजे सर्व!

आयपीआरएसचे, म्हणजे संगीतकार-गीतकारांच्या अशा सोसायटीचे, सभासद व्हा आणि क्यू शीट स्वतः भरा : कुठला तुकडा, किती सेकंद, संगीतकार कोण. छोट्या चित्रपटांत हा कागद कोणी करतच नाही.

प्रतिसाद २

तात्पुरत्या संगीताबद्दल : तो ट्रॅक काढून दिग्दर्शकाला सीन कोरा दाखवा. बऱ्याचदा निम्म्या जागी संगीत नकोच असतं. उरलेल्या जागी ते कुठे शिरतं आणि कुठे थांबतं एवढंच उचला, सुरावट अजिबात नाही.

आणि चित्रपट सेकंदाला २४ फ्रेमचा की २५चा, हे आधी विचारा. २४चं काम २५ने चाललं तर वेग चार टक्के वाढतो आणि सूरही चढतो. सुंदरीवाल्यांना ते लगेच कळेल.

मूळ धागाकर्ता

दोघांचेही आभार. व्याप्तीचं वाक्य आजच पाठवतो. वादकांकडूनही काही लिहून घ्यावं लागतं का?

प्रतिसाद १

हो, लेखी संमती घ्या, आणि रेकॉर्डिंगच्या आधी. व्यावसायिक वापर झाला तर कायद्याने त्यांनाही रॉयल्टीचा हक्क आहे, तेही त्यांना सांगा.