पहिल्या चुंबनानंतर त्याला 'काय' झालं? शब्द हवा आहे

कथा लिहितोय. पंचविशीतली दोघं, सोलापूर, कंबर तलावाचा काठ, एप्रिलची संध्याकाळ. पहिलं चुंबन. पुढच्याच वाक्यात अडलोय. 'रोमांचित झाला' लिहिलं तर क्रिकेटचा सामना वाटतो. 'चुंबन'सुद्धा कागदीच, पण 'मुका' म्हटलं की आत्या आठवते आणि 'पापा' तर बाळाचाच.

—

'रोमांच' बिचारा सामन्यांनी झिजवला. रोम म्हणजे अंगावरची लव, ती उभी राहते तो रोमांच. नाट्यशास्त्रातल्या आठ सात्त्विक भावांतला तो एक: स्तंभ, स्वेद, रोमांच, स्वरभंग, वेपथू, वैवर्ण्य, अश्रू, प्रलय. म्हणजे जागीच खिळणं, घाम, काटा, आवाज न फुटणं, कापरं, चेहऱ्याचा रंग बदलणं, डोळ्यांत पाणी, भान हरपणं. तुमच्या नायकाला यातले तीन-चार तरी झालेच असणार. (एप्रिलच्या सोलापुरात घाम मात्र पुरावा धरू नका.)

साधा शब्द हवा तर 'शहारला'. पण शहारा थंडीनंही येतो, किळसेनंही, आणि क्षणात ओसरतो. 'हुरहुर' इथं नको. ती निघून गेल्यावर, रात्री गच्चीवर लागते ती हुरहुर. 'थिजला'त भीती जास्त.

—

'मुका' घेतला आणि मुका झाला, असं काही?

—

कोटी म्हणून ठीक, व्युत्पत्ती म्हणून नको. न बोलणारा मुका 'मूक'वरून आलाय. आपल्या गावात खरं तर शब्दांची ददात नाही. पूर्व भागातल्या तेलुगू घरांत 'मुद्दू', त्यात लाडही येतो. कन्नडमध्ये 'मुत्तु', म्हणजे मोतीसुद्धा. नायिका तेलुगू घरातली केलीत तर तिच्या तोंडी घाला, अर्थ सांगत बसू नका. आणि नायक अस्सल इथला असेल तर तो एवढंच म्हणेल, "कसं तर व्हायलंय."

—

हे संवादात घेतो. निवेदनात 'बावरला' चालेल? बावरतात त्या मुली आणि हरिणी, असं वाटत होतं.

—

चालेल की. शाळेच्या पहिल्या दिवशी पोरगाही बावरतोच. 'भांबावला' केलंत तर त्याला काय झालं तेच कळलेलं नाही असं होईल. 'बावरला'त कळलेलं असतं, फक्त हात कुठं ठेवावेत ते कळत नाही.