भयकथेचा दिग्दर्शक हलकीफुलकी मालिका करू शकतो का?

करू शकतो, उदाहरण मराठीतच आहे. सतीश राजवाडे यांनी 'असंभव' (2007) ही पुनर्जन्माची रहस्यमालिका केली, मग 'अग्निहोत्र', आणि 2012 मध्ये 'एका लग्नाची दुसरी गोष्ट' ही हलकीफुलकी मालिका. कुणी म्हणेल की अशा वेळी फक्त संहिता बदलते. तसं नाही, कॅमेरा कुठे ठेवायचा तेही बदलतं. रहस्यात माहिती रोखायची असते. दार आधी दिसतं, आत कोण आहे ते नंतर. विनोदी प्रसंगात मात्र बोलणारा आणि ऐकणारा दोघं एकाच चौकटीत हवेत. टाळीचं वाक्य आणि त्यावरचा चेहरा एकत्र दिसला तरच हसू फुटतं. तिथे उगाच एकेका चेहऱ्याच्या क्लोजअपमध्ये प्रसंग तोडत बसलात की टायमिंग नटाच्या हातून संकलकाच्या हातात जातं आणि बहुतेकदा अर्ध्या सेकंदाने चुकतं.

प्रकाशाचंही तेच. दोन-तीन कॅमेरे एकदम लावले की सगळ्या बाजूंनी उजेड ठेवावा लागतो, सावल्या मरतात. गप्पांच्या प्रसंगाला ते चालतं. वाड्यातल्या अंधाऱ्या जिन्याला एकच कॅमेरा आणि प्रत्येक बाजूला नव्याने प्रकाशयोजना लागते. दैनंदिन मालिकेच्या धावपळीत पहिला बळी जातो तो प्रकाशयोजनेच्या याच वेळेचा, हे फार वाईट आहे.