आयर्लंडचा दुष्काळ: करप्याने की कायद्याने?

काळी_माती:
१८४५ नंतरच्या आयरिश दुष्काळात सुमारे दहा लाख माणसे मेली, तेवढीच देशोधडीला लागली. कारण सांगितले जाते बटाट्यावरचा करपा, म्हणजे पाने आणि कंद सडवणारा रोग. माझे मत: करप्याने पीक मारले, माणसे मारली लंडनच्या धोरणाने. ओट, लोणी, गुरे बोटींत भरून इंग्लंडला जातच होती. जमीनदाराला द्यायचा खंड त्यातूनच निघायचा.

कंदवर्गीय:
अर्धेच खरे. गरिबांकडे मुख्यतः लंपर ही एकच जात. बेण्यावरून (लावायला ठेवलेल्या कंदांवरून) वाढवलेली, म्हणजे सगळी झाडे सारखीच दुबळी. थंड, दमट हवेत पानावर काळपट डाग, खाली पांढरी लव, आणि काही दिवसांत पाला झोपतो. पावसाबरोबर बीजाणू मातीत उतरतात. काढताना धडधाकट दिसलेला बटाटा साठवणीत सडतो. १८४७ ला करपा कमी होता, तरी उपासमार टळली नाही, कारण बेणेच खाऊन संपले होते. २० लाख एकरांवरची लागवड ३ लाखांच्या आत आली. शिवाय त्या वर्षी धान्याची आयात निर्यातीहून कितीतरी जास्त होती. निर्यातबंदीने काय साधले असते?

काळी_माती:
आयातीचा मका मुबलक आला १८४७ च्या वसंतात. निर्यात रोखायची होती ती आधीच्या हिवाळ्यात. आणि लोक एका जातीवर आले कसे? चांगली जमीन धान्याला, गुरांना. कुळाच्या वाट्याच्या निकस, ओल्या तुकड्यात गादीवाफ्यांवर कुटुंब जगवील असा लंपरच होता.

पाणलोट:
सरकारला जमत नव्हते असेही नाही. जुलै १८४७ मध्ये सूपकेंद्रांवर रोज ३० लाख माणसे जेवत होती. ती शरदात बंद केली आणि भार स्थानिक करावर टाकला. वर मदतीच्या कायद्यात पाव एकराचे कलम: त्याहून जास्त जमीन असेल तर मदत नाही. म्हणजे पोट भरायचे तर शेत सोडा. वार्षिक मूल्य ४ पौंडांखाली असलेल्या कुळाच्या खात्याचा हा कर (गरीबकर) जमीनदाराच्या माथी, म्हणून त्यांनी कुळांची घरेच पाडली.

कंदवर्गीय:
कलम अमानुष होते, वाद नाही. पण पश्चिम किनाऱ्यावर दुकाने नाहीत, गिरण्या नाहीत. अमेरिकेचा टणक मका नीट दळला, शिजवला नाही की पोटे बिघडायची. पोचवणार कसा, हा प्रश्न उरतोच.

काळी_माती:
मग आपल्याकडे या. मुंबई-रायचूर रेल्वे १८७१ पासून सुरू, म्हणजे धान्य पोचवायची सोय होती. तरी १८७७ च्या दुष्काळात ब्रिटिश अधिकारी रिचर्ड टेंपलने दुष्काळी कामावरच्या मजुराचे धान्य दिवसाला एक पौंडावर आणले. हिंदुस्थानचा गहू तेव्हाही ब्रिटनला जात होता.