मोलिएर मराठीत: देवलांची वाट की विल्बरची?

भाट्येवाला: राज्य नाट्य स्पर्धेसाठी आमच्या रत्नागिरीच्या मंडळात सतराव्या शतकातल्या फ्रेंच नाटककार मोलिएरचं 'तार्त्युफ' घाटतंय. भोंदू साधू घरात शिरतो आणि यजमानाचं घरदार गिळायला बघतो, ते. सगळ्यांचा सूर एकच, नावंगावं बदलून रूपांतर करून टाकू. माझा विरोध आहे. रिचर्ड विल्बर (१९२१-२०१७) हा अमेरिकन कवी बघा. स्वतःचं पद्यनाटक लिहायला बसला, जमेना, म्हणून मोलिएर भाषांतराला घेतला. १९५५ला त्याचं 'मिझान्थ्रोप' रंगमंचावर आलं, १९६३ला 'तार्त्युफ' छापून आलं. पुढे रासीन आणि कॉर्नेय हे फ्रेंच नाटककारही केले. बारा अक्षरांची फ्रेंच ओळ त्याने इंग्रजीच्या दहात बसवली, तीही यमकासकट. आपल्याकडे दिंडी, साकी अशी वृत्तं आहेत. मग गद्यात का लोळायचं?

चिपळूणची सून: लोळतंय कोण? मोलिएरचं १६६०चं 'स्गानारेल', त्यावरून मर्फीचं इंग्रजी 'ऑल इन द राँग', त्यावरून देवलांचा 'फाल्गुनराव', आणि १९१६ला त्याचंच 'संगीत संशयकल्लोळ'. दोन हात फिरून आलेलं नाटक, तरी फाल्गुनराव आणि कृत्तिका भांडायला लागले की आजही लोक पोट धरून हसतात. प्रेक्षकाला फ्रान्सशी काय देणंघेणं?

भाट्येवाला: 'संशयकल्लोळ' थोरच, पण ते देवलांचं. 'तार्त्युफ'चा पहिला अंक घ्या. यजमान ओर्गाँ गावाहून परततो. मोलकरीण सांगते, बाईसाहेबांना ताप भरला होता, डोकं ठणकत होतं. हा विचारतो, "आणि तार्त्युफ?" तो खाऊनपिऊन टुणटुणीत, ती सांगते. हा म्हणतो, "बिचारा!" बाईसाहेब जेवल्या नाहीत. "आणि तार्त्युफ?" असं चारदा. ठेका जरा हलला की हशा गेला. आणि रूपांतरकाराला तिथे पदरचा पाचवा विनोद घातल्याशिवाय चैन पडत नाही.

कुडाळचो गाववालो: माका सांगा, आमच्या दशावतारात संहिता कोण बघता? कथा ठरलेली, बोलणा उभ्या उभ्या. तुमचो मोलिएर तरी काय वेगळो? पॅरिसात इटालियन नटांवांगडा एकाच थिएटरात आळीपाळीन खेळ करी होतो. ते नट असेच आयत्या वेळी बोलणारे. थयसरच शिकलो तो.

भाट्येवाला: शिकला, मान्य. पण 'तार्त्युफ' त्याने पाचही अंक पद्यात लिहिलं. १६६४ला बंदी आली, १६६९ला उठली, तोवर त्यासाठी झगडत राहिला. त्याचं कंजुषावरचं नाटक गद्यात आहे. ते घ्या आणि त्यात हवं ते घाला, मी हूं की चूं करणार नाही.

पडद्यामागे: विल्बरची आरती ओवाळताना एक विसरू नका. तो कॉलेजात प्राध्यापक होता, महिन्याचा पगार चालू होता. इथे भाषांतरकाराच्या हाती शाल आणि नारळ. पोस्टरवर त्याचं नाव दिग्दर्शकाच्या खाली, चष्मा लावून शोधावं लागतं. यमकं जुळवत वर्षभर बसणार कोण?

चिपळूणची सून: मुळात तुमच्या मंडळात फ्रेंच येतं कुणाला? विल्बरचं इंग्रजी समोर ठेवूनच करणार ना? मग देवलांनी वेगळं काय केलं, दादा?

भाट्येवाला: नाही, थेट फ्रेंचमधून. फ्रेंच शिकवून निवृत्त झालेल्या एक बाई सावंतवाडीला असतात, पहिला अंक त्यांच्याकडे दिलाय. विल्बर फक्त ताडून बघायला. शिवाय त्याच्या संहितेवर हक्क आहेत, परवानगीची भानगड येते. मोलिएर कुणाच्या बापाचा नाही.

कुडाळचो गाववालो: बाई मालवणी बोलतत काय? मग मोलकरणीक तरी मालवणी देवा.

भाट्येवाला: दिंडीत बसवून द्या, घेतो.

चिपळूणची सून: ते होईल हो. नेपथ्याचं आणि लाइटवाल्याचं बजेट तुमचं ठरलं असेलच. बाईंचं मानधन किती धरलंय?