'आवारा'चे अर्धे लेखक साठे, मग श्रेय सगळं अब्बासांनाच का?

निवांत_प्रेक्षक:
परवा रात्री 'श्री ४२०' परत लावला आणि यावेळी सुरुवातीची नावं पुढे न ढकलता वाचली. लेखक म्हणून ख्वाजा अहमद अब्बास आणि सोबत व्ही. पी. साठे. मग शोधत बसलो, तर हीच जोडी 'आवारा'ला (१९५१), त्याआधी शांतारामबापूंच्या 'डॉ. कोटनीस की अमर कहानी'ला (१९४६) आणि पार १९७३ च्या 'बॉबी'लाही. सत्तावीस वर्षं झाली की राव! सिनेमाचा विषय निघाला की आपण फाळक्यांपासून सुरू करतो, पण साठ्यांचं नाव कुणाच्या तोंडी नाही. माझं सरळ म्हणणंय, राज कपूरचा तो भोळाबेरकी भटक्या जेवढा अब्बासांचा तेवढाच साठ्यांचा.

खडूस_काका:
शीर्षकातलं 'अर्धे' कुठून आणलंत? दोन नावं आली म्हणजे काम निम्मं-निम्मं झालं असं थोडंच असतं. 'आवारा'त चोराचा पोरगा चोरच होणार म्हणणारा जज रघुनाथ, आणि त्याचाच पोरगा जग्गाच्या नादाने चोर होतो, हा अस्सल अब्बासांचा डावा विचार आहे. आणि दिग्दर्शक मेहबूब खानला याच गोष्टीत बाप-लेक म्हणून अशोक कुमार-दिलीप कुमार हवे होते तेव्हा अडून बसून गोष्ट परत घेणारेही अब्बासच.

निवांत_प्रेक्षक:
मग अब्बासांनी स्वतः दिग्दर्शित केलेले सिनेमे बघा ना, विचार तोच पण बरेचसे थेटरात चाललेच नाहीत. 'आवारा' मात्र रशियापर्यंत गाजला. काहीतरी फरक पडत असेल ना?

खडूस_काका:
अहो त्या फरकाचं नाव राज कपूर आणि शंकर-जयकिशन. साठे अब्बासांच्या 'सात हिंदुस्तानी'त असते तर तो सिल्व्हर ज्युबिली झाला असता का?

मधली_बाक:
तुम्ही दोघं भलत्याच गोष्टीवर भांडताय. अब्बास 'ब्लिट्झ' साप्ताहिकात दर आठवड्याला शेवटचं पान लिहायचे, सिनेमे काढायचे, त्यामुळे लोकांना माहीत. नुसता लेखक असलेला माणूस तेव्हा कुणाच्या खिजगणतीत नव्हता. 'दो आँखें बारह हाथ' (१९५७) गदिमांनी लिहिलाय हे माझ्या सासूबाईंना माहीत नव्हतं, आणि त्यांना अख्खं गीतरामायण पाठ आहे! सलीम-जावेदनी 'जंजीर'च्या पोस्टरांवर रंगाऱ्याकडून स्वतःची नावं रंगवून घेतली ना, ते १९७३, म्हणजे 'बॉबी'चंच वर्ष. साठ्यांनीही एक रंगारी गाठायला हवा होता 😄

निवांत_प्रेक्षक:
बरं 'अर्धे' मागे घेतो. पण 'श्री ४२०'मधली केळीवाली गंगामाई, आपली ललिता पवार हो, तिचा तो फुटपाथवरचा तोरा मुंबई अंगात मुरलेल्या माणसालाच सुचणार.

खडूस_काका:
अब्बास काय दिल्लीहून पोस्टाने लिहायचे का? जुहूला राहायचे ते.